जॉन स्मिथ, जॉन स्मिथ आणि जॉन स्मिथ

लोकलमध्ये ऐकत असाल तर आवाज जरा वाढवा. आणि ज्यांना ऐकण्यापेक्षा वाचायला आवडतं, त्यांच्यासाठी नेहमीप्रमाणे हा भाग लिहून इथे टाकतोय. बोलताना माझं जे "अं... म्हणजे..." होतं तेवढं काढून टाकलंय, बाकी सगळं तेच.

आज सुरुवात अजिंठ्यापासून करू.

दहा नंबरचं लेणं. लांबट, उंच चैत्यगृह, दोन्ही बाजूंना खांबांच्या रांगा आणि शेवटी स्तूप. आत शिरल्यावर डोळ्यांना अंधाराची सवय व्हायला एक-दोन मिनिटं जातात. सगळे लोक स्तूपाकडे बघत सरळ पुढे जात होते. मी मात्र मान वर करून एकेक खांब बघत फिरत होतो. गाईडनं विचारलं, "काय शोधताय दादा?" म्हटलं, "सही." तो हसला. "साहेबाची ना? या इकडं."

त्यानं बोट दाखवलं तिकडे बघितलं. माझ्या डोक्याच्या बऱ्याच वर, रंगवलेल्या चित्रावर कशानं तरी खरवडलेली इंग्रजी अक्षरं. जॉन स्मिथ. त्याची पलटण, २८वी कॅव्हलरी. आणि तारीख, एप्रिल १८१९.

म्हणजे दोनशे वर्षांपूर्वीचं "मी इथे येऊन गेलो".

परत आल्यावर म्हटलं, हा माणूस होता कोण ते बघू. आणि पहिल्याच पायरीवर अडकलो. कारण "जॉन स्मिथ" असं शोधलं की हा येतच नाही. दुसरेच येतात. एक अमेरिकेतला, एक दक्षिण अमेरिकेतला, एक ब्रिटनच्या संसदेतला. आठवडाभर मी या स्मिथ मंडळींच्या मागे होतो. त्यातला एक असा भेटला की त्याच्याबद्दल आधी कधीच ऐकलं नव्हतं याची मला लाज वाटली. आजचा भाग खरं तर त्याच्यासाठी आहे. पण त्याच्यापर्यंत रांगेनं जाऊ.

इंग्रजांचा सोम्यागोम्या

आधी नावाचं बघू. स्मिथ म्हणजे धातूचं काम करणारा, मुख्यतः लोहार. आपल्याकडे लोहार, सोनार, सुतार ही आडनावं जशी धंद्यावरून आली, तसंच ते. इंग्लंडमध्ये मध्ययुगात आडनावं पक्की व्हायला लागली तेव्हा जवळपास प्रत्येक गावात एक लोहार होताच. त्यामुळे आज ब्रिटनमध्ये आणि अमेरिकेतही सगळ्यात जास्त सापडणारं आडनाव स्मिथ आहे.

आणि जॉन? ते बायबलमधलं नाव. मुलाचा बाप्तिस्मा करताना ठेवायच्या नावांची यादी त्या काळी फार छोटी होती. जॉन, विल्यम, थॉमस, रिचर्ड, रॉबर्ट एवढ्यांतच गावातले बहुतेक पुरुष संपायचे. म्हणजे सगळ्यात कॉमन पहिलं नाव अधिक सगळ्यात कॉमन आडनाव. जॉन स्मिथ हा त्यांचा सोम्यागोम्या आहे. आम्ही सॉफ्टवेअरवाले टेस्टिंगसाठी खोटा युजर बनवतो ना, त्यात जॉन स्मिथ हमखास असतो.

माझ्या पहिल्या नोकरीत सीनिअरनं दिलेला पहिला धडा होता: नावाला कधीही युनिक समजू नकोस. मी समजलो होतो. एकाच नावाचे दोन ग्राहक माझ्या कोडनं एकत्र करून टाकले आणि एकाची कागदपत्रं दुसऱ्याच्या खात्यात दिसायला लागली. शनिवार-रविवार गेला ते निस्तरण्यात. इतिहासात असा घोळ झाला तर निस्तरायला कोण येणार? तिथे एखाद्या जॉन स्मिथची गोष्ट दुसऱ्याच्या खाली दबून जाते, आणि कुणाच्या लक्षातही येत नाही.

पहिला: ज्यानं स्वतःच स्वतःबद्दल लिहिलं

सर्च केल्यावर सगळ्यात वर येतो तो कॅप्टन जॉन स्मिथ. जन्म १५८० चा, इंग्लंडमधल्या लिंकनशर परगण्यात, शेतकऱ्याच्या घरात. पोरवयातच घराबाहेर पडला आणि भाडोत्री सैनिक झाला. पूर्व युरोपात तुर्कांविरुद्ध लढला. त्याच्या सांगण्यानुसार तिथे त्यानं एकामागून एक तीन तुर्की योद्ध्यांना द्वंद्वात हरवून त्यांची मुंडकी उडवली. पुढे तो पकडला गेला, गुलाम म्हणून विकला गेला, मालकाला मारून पळाला. हेही त्याच्याच सांगण्यानुसार. "त्याच्या सांगण्यानुसार" हे शब्द लक्षात ठेवा, पुढे लागणार आहेत.

१६०७ साली इंग्रजांची तीन जहाजं व्हर्जिनियाच्या किनाऱ्याला लागली आणि जेम्सटाउन वसलं. अमेरिकेत इंग्रजांची टिकलेली ही पहिली वसाहत. स्मिथ त्या जहाजांवर होता, पण बंड करतोय या आरोपावरून प्रवासात त्याला कैदेत ठेवलं होतं. किनाऱ्यावर पोचून सीलबंद पेटी उघडली, तर कंपनीनं नेमलेल्या कारभाऱ्यांच्या यादीत त्याचंच नाव! पुढच्या वर्षी तो वसाहतीचा प्रमुख झाला. सोनं शोधायला आलेल्या आणि हातानं काम करायची सवय नसलेल्या "सभ्य" लोकांना त्यानं नियम घातला, काम नाही तर जेवण नाही. तो नसता तर जेम्सटाउन त्या पहिल्या वर्षांत टिकलं नसतं, असं मानणारे बरेच आहेत.

पण तो प्रसिद्ध आहे पोकाहोंटसमुळे. १९९५ चा डिस्नेचा सिनेमा तुमच्यापैकी बऱ्याच जणांनी लहानपणी पाहिला असेल. डिसेंबर १६०७ मध्ये स्मिथला तिथल्या मूळ रहिवाशांनी पकडून त्यांच्या प्रमुखासमोर, पाउहाटनसमोर नेलं. त्याचं डोकं दगडावर ठेवलं, आता ठेचणार, तेवढ्यात प्रमुखाची मुलगी मध्ये पडली आणि तिनं त्याला वाचवलं. अशी ती गोष्ट.

आता गंमत बघा. १६०८ मध्ये स्मिथनं या सगळ्याचा जो पहिला वृत्तांत छापला, त्यात ही सुटका नाही. पाउहाटनशी भेट झाली, गप्पा झाल्या, सोडून दिलं, एवढंच आहे. सुटकेची पूर्ण गोष्ट येते १६२४ च्या पुस्तकात. तोवर पोकाहोंटस वारून सात वर्षं झाली होती. काही इतिहासकार म्हणतात, घडलंच नाही. काही म्हणतात, घडलं असेल, पण ते मारणं नव्हतंच. परक्याला टोळीत सामावून घेण्याचा तो विधी असावा आणि स्मिथला तो कळला नसावा. आणि हो, तेव्हा ती अकरा-बारा वर्षांची पोर होती. पुढे तिनं लग्न केलं ते जॉनशीच, पण जॉन रॉल्फशी. आपल्या जॉन स्मिथशी नाही.

तर हा पहिला जॉन स्मिथ सगळ्यात वर का आला? कारण तो सतत लिहीत राहिला. १६०९ मध्ये दारूगोळ्याच्या स्फोटात भाजला आणि इंग्लंडला परतला. १६१४ मध्ये आणखी उत्तरेच्या किनाऱ्याचा नकाशा बनवून त्या भागाला न्यू इंग्लंड हे नाव रूढ केलं. त्यानंतर १६३१ मध्ये मरेपर्यंत पुस्तकांवर पुस्तकं लिहिली, आणि त्यांचा हिरो बहुतेक वेळा तोच. ज्यानं नोंदी ठेवल्या, त्याची नोंद राहिली.

दुसरा: ज्यानं फक्त नाव लिहिलं

आता अजिंठ्याला परत. १८१९ चा एप्रिल. पेशवाई संपून वर्षभर झालेलं. कंपनीच्या फौजा दख्खनभर पसरलेल्या. मद्रास सैन्याच्या घोडदळातला हा अधिकारी वाघाच्या शिकारीसाठी वाघूर नदीच्या खोऱ्यात हिंडत होता. पलीकडच्या कड्यात झाडीआड त्याला एक कोरीव कमान दिसली. एका गुराखी मुलानं ती दाखवली असं सांगतात. तीच दहा नंबरच्या लेण्याची कमान.

पुस्तकांत लिहितात, "जॉन स्मिथनं अजिंठ्याचा शोध लावला." शोध? आसपासच्या लोकांना लेणी माहीत होतीच. गुराखी तिथे जायचे. माहीत नव्हती ती लंडन-मुंबईच्या विद्वानांना. स्मिथनंतर त्यांच्यात चर्चा सुरू झाली, हे मात्र खरं. १८४३ मध्ये जेम्स फर्ग्युसनचा निबंध आला. त्यानंतर कंपनीनं रॉबर्ट गिल नावाच्या अधिकाऱ्याला चित्रांच्या नकला करायला पाठवलं. तो वर्षानुवर्षं तिथेच रंगवत बसला, आणि त्याच्या बहुतेक नकला १८६६ मध्ये लंडनच्या क्रिस्टल पॅलेसच्या आगीत जळून गेल्या. गिलवर एक वेगळा भाग करायचाय, इथे थांबतो.

ती सही इतकी उंच का, याचं उत्तर सोपं आहे. शतकानुशतकांची माती आणि दगड साचून लेण्यात तेव्हा जवळपास पाच फुटांचा थर होता. स्मिथ त्या थरावर उभा होता. त्याच्या डोळ्यांसमोरची जागा आज आपल्या डोक्यावर गेलीये.

पण त्याच लेण्यात आणखी एक नाव कोरलेलं आहे. हे बहुतेक लोक बघत नाहीत, मीही पहिल्या फेरीत बघितलं नव्हतं. दर्शनी भागावर ब्राह्मी लिपीत, प्राकृत भाषेत एक छोटा लेख आहे. इसवीसनाच्या आधीचा. त्याचा अर्थ एवढाच, की हे घरमुख, म्हणजे लेण्याचा दर्शनी भाग, हे वासिठिपुत कटहादि याचं दान आहे.

दोघांनीही दगडावर नाव कोरलं. एकानं दगड कोरून घ्यायचा खर्च उचलला आणि मग नाव लिहिलं. दुसऱ्यानं दुसऱ्याच्या चित्रावर लिहिलं.

आणि "वासिठिपुत" बघा. वासिष्ठीचा मुलगा. आईवरून सांगितलेली ओळख. त्या काळात दख्खनमध्ये ही पद्धत होती. सातवाहनांमध्ये सातकर्णी नावाचे राजे इतके झाले, की नुसतं सातकर्णी म्हटलं तर कुठला ते कळणार नाही. पण गौतमीपुत्र सातकर्णी वेगळा आणि वासिष्ठीपुत्र सातकर्णी वेगळा. पद्धत सुरू होण्यामागची कारणं वेगळी असतील, पण आज इतिहासकारांना ती घोळ टाळायला उपयोगी पडते. जॉन स्मिथ मंडळींकडे ही सोय नव्हती.

तिसरा: ज्याच्यासाठी हा भाग केलाय

कॅफेत कॉफीसोबत ब्राउन शुगरच्या पुड्या मिळतात, त्यावर कधी "डेमेरारा" लिहिलेलं वाचलंय? डेमेरारा हे एका जागेचं नाव आहे. दक्षिण अमेरिकेच्या उत्तर किनाऱ्यावरची नदी आणि तिच्या काठची जुनी ब्रिटिश वसाहत, आजच्या गयाना देशात. १८१७ मध्ये तिथे २६ वर्षांचा एक मिशनरी आपल्या बायकोसोबत, जेनसोबत उतरला. जॉन स्मिथ. जन्म १७९० चा. लहानपणी फारसं शिक्षण नाही, लंडनमध्ये बिस्किटं भाजणाऱ्याकडे उमेदवारी केलेली. लंडन मिशनरी सोसायटीनं त्याला पाठवलं होतं.

डेमेराराचा सगळा किनारा म्हणजे ओळीनं मळे, मुख्यतः उसाचे. त्यांत राबणारे आफ्रिकेतून आणलेले गुलाम आणि त्यांची पोरं. स्मिथ राज्यपालाला भेटायला गेला तेव्हा राज्यपाल जॉन मरे यानं (हो, हाही जॉन) त्याला स्पष्ट बजावलं, की एकाही गुलामाला वाचायला शिकवलंस तर वसाहतीतून हाकलून देईन.

स्मिथ ल रेझूव्हनिर नावाच्या मळ्यावरच्या बेथेल चॅपेलमध्ये काम करू लागला आणि रोजनिशी लिहू लागला. त्यात आहे, सकाळी उठल्यावर सगळ्यात आधी कानावर येतो तो चाबकाचा आवाज. लोक रविवारी प्रार्थनेला मैलोन् मैल चालत येतात, आणि मळ्याचे मॅनेजर मुद्दाम रविवारीच काम काढतात.

चॅपेलचा सगळ्यात ज्येष्ठ कारभारी होता क्वामिना. धंद्यानं सुतार. शांत, सगळ्यांनी मान द्यावा असा माणूस. त्याचा मुलगा जॅक. दोघंही शेजारच्या "सक्सेस" नावाच्या मळ्यावरचे गुलाम. त्या मळ्याचा मालक लिव्हरपूलचा व्यापारी जॉन ग्लॅडस्टोन. (आणखी एक जॉन!) म्हणून बापलेकांना क्वामिना ग्लॅडस्टोन, जॅक ग्लॅडस्टोन म्हणायचे. आडनाव मालकाचं.

१८२३ मध्ये लंडनच्या संसदेनं गुलामांची परिस्थिती सुधारायचे ठराव केले. बायकांना फटके मारू नयेत, वगैरे. डेमेराराच्या मळेवाल्यांनी ती बातमी गुलामांपासून दडवली. पण घरकाम करणाऱ्यांच्या कानांवर अर्धंमुर्धं पडतंच. कुजबूज पसरली, की राजानं आपल्याला मोकळं केलंय आणि हे लोक सांगत नाहीयेत.

१८ ऑगस्ट १८२३ ला उठाव झाला. दहा हजारांहून जास्त गुलाम, डझनावारी मळे. पुढाकार जॅकचा. क्वामिना आधी थांबा, घाई नको म्हणत होता. उठावाची पद्धत अशी, की मालक आणि मॅनेजरांना त्यांच्याच लाकडी खोड्यांत अडकवून ठेवायचं, बंदुका काढून घ्यायच्या, पण जीव घ्यायचा नाही. आणि ती त्यांनी बरीचशी पाळली. गोऱ्यांमधले अगदी मोजके लोक मेले. उत्तर द्यायला सैन्य आलं तेव्हा मात्र गुलामांमधले शेकडो मेले. काही गोळीबारात, काही नंतर फाशीवर. काहींची मुंडकी खांबांवर लावली. १६ सप्टेंबरला क्वामिनाला गोळी घातली, आणि त्याचं प्रेत सक्सेस मळ्यासमोर साखळदंडात लटकवून ठेवलं.

जॉन स्मिथ बंडात नव्हता. काहीतरी शिजतंय हे कानावर आलं तेव्हा त्यानं क्वामिनाला असं काही करू नका हेच सांगितलं होतं. पण मळेवाल्यांना कुणीतरी चिथावणारा हवा होता. गुलाम स्वतःच्या डोक्यानं एवढं ठरवू शकतात हे मान्य करणं त्यांना परवडणारं नव्हतं. स्मिथला पकडलं. नागरिक असूनही त्याच्यावर लष्करी न्यायालयात खटला चालवला. असंतोष पसरवला, आणि बंडाची चाहूल असून सरकारला कळवलं नाही, हे मुख्य आरोप. पुरावा काय? त्याची रोजनिशी! चाबकाबद्दल जे लिहिलं होतं तेच त्याच्यावर उलटवलं.

पहिल्या जॉन स्मिथला लिहिण्यानं अमर केलं. या जॉन स्मिथला लिहिण्यानं फाशीची शिक्षा मिळवून दिली.

शिक्षेसोबत न्यायालयानं दयेची शिफारस केली होती. कागद जहाजानं लंडनला गेले. तिकडे राजानं फाशी रद्द केली. पण समुद्रापलीकडून निरोप यायला आठवडेच्या आठवडे लागायचे. स्मिथला आधीच क्षय होता आणि तुरुंगाची कोठडी दमट. ६ फेब्रुवारी १८२४ ला तो कोठडीतच गेला. वय ३३. माफी पोचली ती त्यानंतर. पहाटे चार वाजता त्याला पुरलं आणि थडग्यावर खूण ठेवली नाही, लोक जमू नयेत म्हणून.

इंग्लंडमध्ये मात्र बातमी भडकली. संसदेकडे अर्जांची रीघ लागली. जून १८२४ मध्ये हेन्री ब्रूम यानं या खटल्याच्या निषेधाचा ठराव आणला. ठराव पडला, पण चर्चा गाजली. एका गोऱ्या मिशनरीचा असा बळी गेला तेव्हा इंग्लंडमधल्या कितीतरी चर्चवाल्यांना गुलामगिरी हा आपला प्रश्न वाटायला लागला. "डेमेराराचा हुतात्मा" असं त्याला म्हणू लागले. १८३३ मध्ये गुलामगिरी रद्द करण्याचा कायदा झाला, त्यामागच्या अनेक कारणांत हे एक होतं.

इथे एक गोष्ट मला बोचली. इंग्लंड रडलं कुणासाठी? जॉन स्मिथसाठी. क्वामिना आणि त्या शेकडो लोकांसाठी तेवढं नाही. आता क्वामिना या नावाकडे बघा. पश्चिम आफ्रिकेतल्या अकान लोकांत मुलाला जन्मवारावरून नाव देतात. क्वामिना म्हणजे शनिवारी जन्मलेला मुलगा. म्हणजे तेही जॉनइतकंच कॉमन नाव. शनिवारी जन्मलेला कोणीही. पण एका कॉमन नावामागचा माणूस संसदेत पोचला आणि दुसऱ्या कॉमन नावामागचा माणूस साखळदंडात लटकला.

कलकत्त्याची दोन जहाजं

आणि ही गोष्ट आपल्यापर्यंत येते, म्हणून अजून दोन मिनिटं थांबा.

गुलामगिरी रद्द झाल्यावर सरकारनं भरपाई दिली. गुलामांना नाही, मालकांना! जॉन ग्लॅडस्टोनला एक लाख पौंडांहून जास्त मिळाले. त्या काळात ही प्रचंड रक्कम. त्याचा धाकटा मुलगा विल्यम पुढे चार वेळा ब्रिटनचा पंतप्रधान झाला.

मळ्यांवर मजूर तर हवेतच. ग्लॅडस्टोननं १८३६ मध्ये कलकत्त्याच्या एका कंपनीला पत्र लिहून विचारलं, तिकडून माणसं मिळतील का? मिळाली. जानेवारी १८३८ मध्ये "व्हिटबी" आणि "हेस्परस" ही दोन जहाजं कलकत्त्याहून निघाली आणि ५ मे १८३८ ला डेमेराराला पोचली. सुमारे चारशे भारतीय मजूर. पाच वर्षांचा करार, म्हणजेच ज्याला आपण गिरमिट म्हणतो. त्यातले काही ग्लॅडस्टोनच्याच मळ्यांवर गेले. आज गयानात भारतीय वंशाचे लोक हा सगळ्यात मोठा समूह आहे आणि ५ मे तिथे भारतीय आगमन दिन म्हणून पाळतात.

जॉर्जटाउनमध्ये, म्हणजे गयानाच्या राजधानीत, जॉन स्मिथच्या स्मरणार्थ बांधलेलं चर्च आहे. आणि ज्या राज्यपालानं वाचायला शिकवशील तर हाकलीन म्हटलं होतं, त्याच्या नावाचा रस्ता होता, मरे स्ट्रीट. देश स्वतंत्र झाल्यावर त्याचं नाव बदललं. आता तो क्वामिना स्ट्रीट आहे. २०२३ मध्ये, उठावाला दोनशे वर्षं झाली तेव्हा, ग्लॅडस्टोन घराण्याचे वंशज गयानाला गेले आणि त्यांनी जाहीर माफी मागितली.

आणखी दोघं, पटकन

एक जॉन स्मिथ ब्रिटनच्या मजूर पक्षाचा नेता होता. स्कॉटलंडचा, पेशानं वकील. १९९२ मध्ये नेता झाला आणि पुढचा पंतप्रधान हाच, असं सगळे धरून चालले होते. १२ मे १९९४ ला हृदयविकारानं गेला, ५५ व्या वर्षी. त्याच्या जागी टोनी ब्लेअर आला आणि १९९७ मध्ये पंतप्रधान झाला. स्कॉटलंडला स्वतःची संसद हवी, हे काम अपुरं राहिलंय असं स्मिथ म्हणायचा. ती १९९९ मध्ये आली.

दुसरा जॉन मेनार्ड स्मिथ. हा मला जवळचा, कारण मूळचा इंजिनिअर. दुसऱ्या महायुद्धात विमानांच्या डिझाइनवर काम केलं. मग सगळं सोडून जीवशास्त्र शिकायला गेला जे. बी. एस. हॉल्डेन यांच्याकडे. तेच हॉल्डेन, जे पुढे भारतात येऊन इथलेच झाले. प्राणी एकमेकांशी भांडताना जीव जाईपर्यंत का लढत नाहीत, हे त्यानं गेम थिअरीनं सोडवून दाखवलं. मधल्या "मेनार्ड"मुळे त्याचा घोळ मात्र होत नाही. आपण मध्ये वडिलांचं नाव लावतो, त्याचा हा एक फायदा.

आता माझी गोष्ट

अजिंठ्याच्या त्या खांबाखाली उभा असताना मला साहेबाचा राग आला होता. दोन हजार वर्षं जुन्या भिंती आणि हा पठ्ठ्या चाकू काढून नाव लिहितो! गाईडला मी तसं म्हटलंही. तो म्हणाला, "दादा, साहेबाचं एकच आहे. आपल्या लोकांची किती आहेत, मोजा."

त्यावर मी गप्प झालो. कारण इंजिनिअरिंगच्या सेकंड इयरला आम्ही सहा जण एका किल्ल्यावर गेलो होतो. बुरुजाच्या आतल्या भिंतीवर, गिलावा जिथे अजून शिल्लक होता तिथे, मी कंपासपेटीतल्या कर्कटकानं माझं नाव कोरलं. खाली साल. किल्ल्याचं नाव सांगत नाही, शोधायला जाऊ नका. माझं नाव इतकं कॉमन आहे की आमच्या वर्गातच तिघं होते. म्हणजे ते नाव वाचून कुणालाही काहीही कळणार नाही. फक्त एवढंच कळेल, की कुणीतरी इथे गिलावा फोडला.

कायदा सांगायचा तर संरक्षित वास्तूवर असं काही केलं की दोन वर्षांपर्यंत कैद किंवा एक लाखापर्यंत दंड, किंवा दोन्ही होऊ शकतं. पण मी कायद्यासाठी हे सांगत नाहीये. सांगतोय ते यासाठी, की आठवडाभर जॉन स्मिथांची यादी चाळल्यावर मला माझ्या नावाची किंमत कळली. नाव लिहून ठेवल्यानं माणूस उरत नाही. अजिंठ्याच्या स्मिथनं ते दगडावर लिहिलं, तरी आपण त्याला ओळखतो ते त्या लेण्यामुळे. डेमेराराच्या स्मिथच्या थडग्यावर साधी खूणसुद्धा ठेवली नव्हती, आणि त्याचं नाव एका देशाच्या राजधानीत आहे. क्वामिनाला तर स्वतःचं आडनावही नव्हतं.

गेल्या महिन्यात मी त्या किल्ल्यावर परत गेलो. नाव अजून आहे. पुसायचा विचार आला, पण पुसायला गेलो तर उरलेला गिलावाही जाईल. तसंच ठेवून खाली आलो. आता तिथे दर महिन्याला साफसफाई आणि डागडुजीला एक ग्रुप जातो, त्यात नाव घातलंय. यादीत आधीच माझ्या नावाचे दोघं निघाले. ग्रुपवाल्यांनी विचारलं, तुम्हाला वेगळं कसं ओळखायचं? म्हटलं, माझ्या नावापुढे आईचं नाव लिहा.

तर मंडळी, आजच्यापुरतं एवढंच. तुमच्या नावाचा कुणी ऐतिहासिक माणूस सापडला असेल, चांगला किंवा वाईट, तर मला जरूर कळवा. एखाद्या भागात त्यांची मोट बांधू. आणि हा भाग आवडला असेल तर त्या मित्राला पाठवा, ज्यानं कुठल्यातरी किल्ल्यावर नाव लिहिलंय. तो कोण ते तुम्हाला माहितीये.

भेटू पुढच्या भागात. तोवर काळजी घ्या!